दारातलं अस्तर

सायखेड्याचे निजामभाई म्हणजे असा शिंपी, की तुम्ही रडत त्यांच्याकडे गेलात तरी आधी तुमच्या सदऱ्याची शिवण बघणार. एका लग्नात तर नवरदेवाला मिठी मारता मारता त्याच्या कानात पुटपुटले, "कोटाचं अस्तर तोकडं आहे रे." नवरदेव बिचारा फोटोत शेवटपर्यंत कोट दाबून उभा! अस्तर म्हणजे निजामभाईंचा जीव. आणि त्या चैत्रात याच अस्तरानं त्यांचा घात केला.

त्यांची बायको जुलेखा वणीची. तिची अम्मी गेली आणि भाऊ नौशादनं माहेरचं घर विकून टाकलं. घेणारा दुसऱ्या दिवशी सकाळी ते पाडणार होता. जुलेखाचा गुडघा सुजलेला, एसटीत चढणं काही शक्य नव्हतं. मग तिनं निजामभाईंना धाडलं.

"भांडीकुंडी नौशादला राहू द्या," तिनं बजावलं. "मला फक्त अम्मीच्या दारातलं अस्तर आणा. पण हळू काढा, ओढाताण करू नका. तेवढीच निशाणी राहिलीय तिची."

"अस्तर कसं काढायचं ते आता तू मला शिकव!" म्हणत निजामभाई निघाले.

सप्तशृंगीच्या यात्रेची गर्दी. पिंपळगावला गाडी मिळेना, मिळाली ती उभ्यानं. घामाघूम होऊन वणीला पोचतात तर खरंच, अम्मीच्या दारात जाड पडदा आणि त्याला आतून अस्तर. निजामभाईंनी ब्लेड मागून घेतलं, उंबऱ्यात बसले आणि टाक्यामागून टाका उसवला.

"दुल्हेभाई, अख्खा पडदाच न्या की," नौशाद म्हणाला.

"तिनं अस्तर सांगितलंय. अस्तरच नेणार."

घरी आल्यावर त्यांनी ऐटीत पिशवी पुढे केली. जुलेखानं आत हात घातला, कापड बाजूला केलं, पुन्हा हात घातला.

"अस्तर कुठाय?"

"तुझ्या हातात आहे ते काय मग?"

"या अल्ला! अहो, फुलाचं झाड! जांभळं फूल, मधे पिवळं! दरवर्षी त्याच मुळातून फुटतं ते!"

"अगं बाई, त्याला अष्टर म्हणतात, अष्टर!"

"माझी अम्मी अस्तरच म्हणायची."

एवढं बोलून तिनं रिकामी पिशवी पालथी करून झटकली. भांडली असती तर निजामभाईंना बरं वाटलं असतं. ते कापड मांडीवर घेऊन ती नुसती बसून राहिली. नौशादला फोन लावला, तर तो चावी देऊन केव्हाच नाशिकला पोचलेला.

निजामभाईंनी पहाटेची गाडी धरली. तिचं चाक वाटेत पंक्चर. कंडक्टरवर चिडले, ड्रायव्हरवर चिडले, शेवटी स्वतःवर चिडून चालायला लागले, तर मागून तीच गाडी दुरुस्त होऊन आली आणि त्यांना न घेताच पुढे गेली. पोचले तेव्हा घर आडवं झालेलं. जेसीबी धुरळा उडवत होता.

"चाचा, बाजूला व्हा! काय शोधताय?" चालक ओरडला.

"अस्तर! दारातलं अस्तर!"

"भिंतीचं? गिलावा समदा पडलाय बघा हितंच, न्या किती पायजे तेवढा!"

निजामभाईंनी कपाळावर हात मारला. एका दिवसात एकच शब्द त्यांना दुसऱ्यांदा आडवा आला होता. चैत्रात फूल कुठलं असायला? पानं ढिगाऱ्याखाली चेंगरलेली. शेवटी दाराच्या जागची माती, त्यात सापडेल ती मुळी आणि सापडेल तो कोंब असं सगळं सिमेंटच्या गोणीत भरलं आणि गोणी डोक्यावर घेऊन स्टँड गाठला.

"यात्रेला आलेले लोक प्रसाद नेतात," कंडक्टर म्हणाला, "तुम्ही गडच घेऊन चाललात!"

माती तेलाच्या डब्यांत भरली. रोज पाणी घालणं चालू झालं. आधी काय उगवलं? गाजरगवत. मग कंबरमोडी. निजामभाई उपटायला वाकले, की आतून आवाज: "हात लावू नका! त्यात अम्मीचं असलं तर?"

शेजारची भागीबाई येता-जाता थांबायची. "निजामभाई, लोक गाजरगवत उपटाया मजूर लावत्यात, अन् तुम्ही त्याला पाणी घालता व्हय?"

दात-ओठ खात ते दुकानात जायचे. त्या रागात एका सफारीच्या दोन्ही बाह्या डाव्याच कापून बसले.

मग एका सकाळी जुलेखा डब्याजवळ बसलेली दिसली. गवताच्या आडून एक खरखरीत पान वर आलं होतं.

"हेच ते."

"कशावरून? हेही गवत निघालं तर?"

"अम्मीच्या दारात वाढले मी. तिचं पान मी ओळखणार नाही?"

तिनं डोळ्याला पदर लावला. निजामभाईंना त्या पानात आणि बाकीच्या पाल्यात काडीचा फरक दिसला नाही, पण ऊन मात्र दिसलं. असल्या उन्हात कोवळं पान दुपारपर्यंत करपणार. त्यांनी तेच पडद्याचं अस्तर काढलं, कडा दुमडून टीप मारली आणि चार काठ्या रोवून डब्यावर ताणून बांधलं.

भागीबाई आलीच. "आता गवताला मांडव व्हय?"

"गवत नाही, भागीबाई," निजामभाई वैतागून म्हणाले, "अस्तर आहे ते!"

भागीबाईनं वरचं कापड चिमटीत धरून पाहिलं.

"त्ये दिसतंय की मला. पण खाली काय लावलंय, त्ये इचारते मी."