अहिल्येच्या माथी मारलेली चहाडी

प्रभाताईंना आधी हसूच आलं होतं. २०१६ साली जर्मनीतल्या ब्राउनश्वाइगच्या मराठी पोरांनी दारूबंदीच्या काळावर अर्ध्या तासाचा सिनेमा काढला आणि उरणची खाडी म्हणून दाखवली ती ओकर नदी! चिखलाचा पत्ता नाही, काठावर बर्चची झाडं. सिनेमा काढला होता पीएचडी करणाऱ्या सत्यजितने. लेकीकडे राहायला आलेल्या प्रभाताईंकडून त्याने चार रविवार पोहे खात त्यांच्या आईची, अहिल्येची, हकिगत काढून घेतली होती. अहिल्या हातभट्टी लावायची, पहिल्या धारेचा थेंब काडी ओढून पेटवून बघायची आणि पिंपं खाडीच्या चिखलात पुरायची. एक दिवस पोलीस थेट त्या पिंपांपाशी आले आणि ती सहा महिने तुरुंगात गेली.

जागा दोघांनाच ठाऊक होती, एवढं प्रभाताई बोलून गेल्या होत्या. दुसरं कोण, ते त्यांनी सांगितलं नव्हतं.

सत्यजितने ते आपल्या मनाने भरलं. विद्यापीठाच्या हॉलमध्ये साठ माणसांसमोर पडद्यावरची अहिल्या फौजदाराच्या कानाला लागली, भागीदाराला पकडून दिलं आणि स्वतः सुटली. मेल्याने नावसुद्धा बदललं नव्हतं. लोकांनी टाळ्या वाजवल्या आणि प्रभाताईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. दिवे लागताच त्या उभ्या राहिल्या आणि हे कुठून आणलंस, म्हणून त्याला विचारलं.

"आल्झो... म्हणजे, आजी," तो गडबडून म्हणाला, "स्टोरीला कोणीतरी गद्दार लागतो ना."

लागतो म्हणे! फोडणीला मोहरी लागते तसा. शेजारी लेक ऊर्जा त्यांचा हात धरून बसली होती. ती आजोबांच्या मांडीवर वाढलेली, त्यांचं नाव निघालं तरी डोळे भरून येणारी. गप्प बसावं तर आई कायमची चहाडखोर ठरणार. बोलावं तर लेकीच्या मनातले आजोबा जाणार. साठ वर्षं प्रभाताई गप्पच बसल्या होत्या. आता त्या गप्प बसण्याचाच त्यांना संताप आला.

"माझ्या आईने कोणाला विकलं नाही," त्या म्हणाल्या. "खबर माझ्या बापाने दिली. सरकारी कचेरीतली शिपायाची नोकरी टिकावी म्हणून. तिच्या भट्टीवर घर चालत होतं, तेव्हा नाही लाज वाटली त्याला."

ऊर्जाने हात सोडला. तिने विचारलं, आजीला हे ठाऊक होतं का.

"होतं. सुटून आली त्याच संध्याकाळी तिने त्याला ताट वाढलं आणि मरेपर्यंत वाढत राहिली." प्रभाताई म्हणाल्या. "बापाचं काय, तो तसलाच होता. तिचाच राग जात नाही मला."