न पडलेला कडा

वहिनीचा फोन आला तेव्हा मी चहा गाळत होते. "तुझे दादा उठत नाहीयेत गं..." एवढंच ती म्हणाली. मी चहा कपात ओतला, बसून सगळा प्यायले आणि मग तळेगावहून वलवणला त्यांच्या घरी निघाले. या गोष्टीला आता काही आठवडे झाले. रडू तेव्हा आलं नाही, अजूनही आलेलं नाही.

माझा मोठा भाऊ खाणींच्या सुरक्षेवर देखरेख करणाऱ्या सरकारी खात्यात निरीक्षक होता. नोकरीची शेवटची वर्षं त्याने आपल्याच मावळात काढली. पवनेच्या बाजूला एक दगडखाण होती. तिथला कडा पायऱ्या न पाडता, म्हणजे मध्ये टप्पे न सोडता, सरळ उभा कापलेला होता आणि माथ्यावर भेगा गेल्या होत्या. दादाने त्या कड्याखाली माणसं उतरवायला लेखी मनाई केली. खाणच बंद पडली. मालक थेट उच्च न्यायालयात गेला. आपलं म्हणणं न ऐकताच धंदा बंद केला, असा त्याचा दावा होता. तिथे मनाईला स्थगिती मिळाली असती, तर दुसऱ्याच दिवशी माणसं पुन्हा कड्याखाली गेली असती. त्या दिवसांत दादा जेवणाच्या ताटावर नुसता बसून राही, असं वहिनी सांगायची.

तारखेच्या आधी एक बाई वलवणच्या घरी आली. तिचा नवरा त्याच खाणीत सुरुंगाची भोकं पाडायचा. मी तेव्हा तिथेच होते. ती पायरीवरच बसली, आत आली नाही. म्हणाली, "सायेब, दगड पडंल तवा पडंल. आमची चूल आजच थंड हाय." दादा म्हणाला, "बाई, त्या कड्याखाली मी तुमच्या माणसाला नाही पाठवू शकत." वहिनीने तिच्यासाठी चहा आणला, पण तो न घेताच ती उठून गेली.

न्यायालयात फार काही घडलंच नाही. या हुकुमावर वरिष्ठांकडे अपील करायची सोय कायद्यातच आहे, ती सोडून आधी इथे का आलात, असं न्यायाधीशांनी विचारलं. मालकाच्या वकिलाने याचिका मागे घेतली. मी अभिनंदनाचा फोन केला तर दादा म्हणाला, "अगं, जिंकलो कुठे? कडा धोक्याचा आहे की नाही, ते त्यांनी पाहिलंच नाही. त्यांनी फक्त दुसरं दार दाखवलं." मग अपील झालं. वरिष्ठ स्वतः येऊन माथ्यावर चढले. त्यांनी मनाई कायम ठेवली, पण वरून पायऱ्या पाडत खाली यायची परवानगी दिली. काही महिन्यांनी खाण सुरू झाली.

तो कडा काही कोसळला नाही. गावातली माणसं पुढे कित्येक वर्षं दादाला विचारत, "काय सायेब, पडला का?" तो म्हणायचा, "नाही पडला." आपण बरोबर होतो की उगाच शंभर घरांच्या पोटावर पाय दिला, हे त्याला कधी कळलं नाही... निवृत्तीनंतरही तो अधूनमधून स्कूटर काढून तिकडे जायचा, लांबून बघून यायचा.

दहाव्याला ती बाई आली. केस पांढरे झालेले. या वेळी आत येऊन वहिनीजवळ टेकली. "दगड हाय तितंच हाय," ती म्हणाली. "आन् आमचं धनी बी हायेत." वहिनी तिचा हात धरून रडली. मी दोघींना पाणी दिलं.

दादाला खाणींमुळे जडलेली एक सवय होती. कुठल्याही खोलीत शिरताना तो उंबऱ्यावर क्षणभर थांबून वर बघायचा. लग्नाच्या मांडवातसुद्धा. वहिनी त्याला हसायची. परवा वलवणला गेले, दार उघडंच होतं. उंबऱ्यावर माझे पाय थांबले आणि मान आपोआप वर गेली. पांढरं छत, बंद पंखा... वर काहीच नव्हतं. मग मी आत गेले.