नरहरकाका अडले ती जागा

नरहरकाकांना पोथी हातात धरून मंत्र म्हणताना कुणी पाहिलं नाही. इथे उत्तरेत, ब्रह्मा घाटावरच्या आमच्या मराठी वैदिकांत तो कमीपणा मानतात. लहानपणी कानांनी ऐकून पाठ करायचं, शब्द पुढे-मागे फिरवत म्हणायचं, आणि अर्थ विचारायचा नाही. त्यांच्या शार्दूलने बाराव्या वर्षी विचारला, तर काकांनी थोबाडीत दिली. पुढे तो सगळं सोडून नागपूरला बँकेत लागला. बापलेक नऊ वर्षं बोललेले नाहीत.

मी घाटाजवळच्या दूधविनायक मोहल्ल्यात मराठी वाचनालय चालवते. गेल्या साली मोतीबिंदू काढल्यावर काका तिथे नुसते येऊन बसत, म्हणून मी त्यांच्या हातात एक कादंबरी कोंबली. पुतणीचा आगाऊपणा. चौथ्या दिवशी त्यांनी ती टेबलावर आपटली.

"मुक्ता, यातला बाप माझ्यासारखा का आहे?"

"वाचणाऱ्याला तसं वाटतंच, काका."

"मला वाटायला नको होतं."

दुसऱ्या दिवशी तीच उपरण्यात लपवून घरी नेली. वर्षभरात कपाटाचे दोन खण संपवले.

या कार्तिकात, काका शिकवतात त्या वेदपाठशाळेच्या मुख्य आचार्यांची जागा रिकामी झाली. काकांनी तिची वीस वर्षं वाट पाहिली होती. सभेत काका आणि दुसरे दावेदार काशीनाथशास्त्री मंत्र म्हणायला समोरासमोर बसणार, आणि जो अडला तो उठला, म्हणजे हरला, असा आमचा जुना रिवाज. काकूंनी पेढे आधीच आणून ठेवले होते. मला मात्र धास्ती वाटत होती, कारण काका हल्ली वाचताना मध्येच थांबून भिंतीकडे बघत बसत.

सकाळी काकांनी सुरुवात खणखणीत केली. मग आवाज संथ झाला. पहिल्या वर्षाच्या मुलांना ते स्वतः जो शिकवतात, त्या मंत्रापाशी काका थांबले. सभा वाट बघत राहिली. कुणीतरी पुढचा शब्द हळूच सुचवला. काकांनी मान डोलावली, म्हणजे शब्द आठवत होता. तरी त्यांनी तो म्हटला नाही. हात जोडून उठले. मला काशीनाथशास्त्र्यांचा राग आला, कादंबऱ्यांचा आला, सगळ्यात जास्त माझा स्वतःचा आला.

मी मागोमाग घाटाच्या पायऱ्यांवर गेले.

"तुझ्या किताबांनी खोड लावली," काका म्हणाले. "शब्द आला की त्यात माणूस दिसतो. फोन लाव शार्दूलला."

मी फोन स्पीकरवर ठेवला. पलीकडून नुसतं "हां" आलं.

"शार्दूल, आज सभेत अडलो त्याच मंत्राचा तू अर्थ विचारलास, तेव्हा तो मला ठाऊक नव्हता. म्हणून मारलं."

शार्दूलने फोन ठेवला नाही.

"मग काय आहे, बाबा?"

"देवाला म्हटलंय, की लेकाला बाप जसा सहज भेटतो, तसा तू आम्हाला भेट."

एवढं सांगताना काका दोनदा अडले, पण जागचे उठले नाहीत.