आपल्या जिनिंगची आग

सर्जेरावाच्या तोंडाला कुलूप नाही, असं परतुरात सगळेच म्हणतात. काटा मारणाऱ्या व्यापाऱ्याला भर बाजारात सुनावणारा, जयंतीला पाहुण्यांचं भाषण लांबलं की खालून "पुरे आता" म्हणणारा हा माणूस. जिनिंगमध्ये कापसाच्या गाठी उचलण्यात त्याचा जन्म गेला. धाकट्या भावाला, राजानंदला, त्यानेच तिथे कामाला लावलं. तीन वर्षांपूर्वी जिनिंग पेटली आणि राजानंद आतच राहिला.

सीमेवर लढाई सुरू झाली तेव्हा बद्रीनाथच्या हॉटेलातला टीव्ही बंद होईना. एका संध्याकाळी पडद्यावर आगीचा डोंब उसळला. "शत्रूचं बंदर खाक!" टीव्हीवरची बाई ओरडली. हॉटेलात टाळ्या पडल्या. सर्जेरावाने मात्र चहाचा कप खाली ठेवला. ती एका अंगाला कललेली पाण्याची टाकी, ते पत्र्याचं शेड, फाटकाजवळचे दोन कडुनिंब!

"बंदर कशाचं? ही तर आपली जिनिंग हाये, पोरांनी तवा मोबाईलवर काढलेली," तो उठून म्हणाला. "बद्रीभाऊ, तुम्हीच बादल्या घेऊन पळत आल्ते ना?"

बद्रीनाथने पडद्याकडे पाहिलं आणि नजर चुकवली. "आग सगळीकडं सारखीच दिसते, सर्जेराव. एवढे मोठे चॅनलवाले खोटं कशाला दाखवतील?"

"माझा भाऊ जळून राह्यला तिथं, अन् तुम्ही टाळ्या वाजवून राह्यले!"

"देश लढून राह्यला, अन् याला घरचं रडगाणं सुचतंय," कोपऱ्यातून कोणीतरी म्हणालं.

सर्जेरावाचं डोकं फिरलं. टीव्हीवाल्यांना लाज नसते, हे एक वेळ समजता येईल. पण ज्यांच्या हातांना त्या आगीचे चटके बसले, त्यांनीही स्वतःच्या डोळ्यांपेक्षा त्या बाईवर भरवसा ठेवावा? मग बोटं तरी कोणाच्या नावाने मोडायची? तो तरातरा घरी आला.

घरीही तेच चालू. राजानंदची बायको वंदना टीव्हीपुढे बसली होती. "बंद कर ते! खोटंय सगळं," म्हणत त्याने रिमोट उचलला.

"राहू द्या, दादा," ती म्हणाली. "मला ठावं हाये ते काय हाये. तवा एकबी टीव्हीवाला आल्ता न्हाई. अन् तुम्ही समद्यांनी मला फाटकापाशीच अडवलं, पाहू दिलं न्हाई. आज तरी पाहू द्या."

पडद्यावर तीच आग पुन्हा पुन्हा पेटत होती आणि बाई आनंदाने किंचाळत होती. सर्जेरावाने फक्त आवाज बंद केला आणि भिंतीला टेकून खाली बसला.