दारावरचा कागद

“कट!” मी ओरडलो. खरं तर कट म्हणायचा हक्क डायरेक्टरचा, साउंडवाल्याचा नाही. पण हेडफोनमध्ये पुन्हा बेल वाजली आणि माझं डोकंच फिरलं.

शहरात माणूस कसा एकटा पडतो, यावर आमची शॉर्टफिल्म. संवाद नाहीत. अमरावतीतल्या फ्लॅटमध्ये एक म्हातारा दिवसभर बसतो, त्याचं दार कुणी वाजवत नाही, एवढीच गोष्ट. आणि शूटिंग आहे कळल्यावर सकाळपासून सगळी बिल्डिंग दार वाजवत होती! कुणी चहा आणला, कुणी भजी. समोरच्या शबानाभाभी तर खुर्ची घेऊनच आल्या.

डायरेक्टर इरफान वैतागला. “काकाजी, यायले थांबवा न!”

फ्लॅट काकाजींचा, आणि आमचे नटही तेच. भातकुलीकडचे शेतकरी. ओळीनं नापिकी झाली, त्यातच काकू गेल्या. मुलानं शेत बटाईनं दिलं, त्यांना इथे आणलं आणि स्वतः नोकरीसाठी पुण्याला गेला.

“येऊ दे न बापा,” काकाजी म्हणाले. “दोन वर्षांत पयल्यांदा बेल वाजून राह्यली. मले त वाटलं, बिघडली.”

सगळे हसले. मी नाही. मला साउंड हवा होता. कागदावर ठळक लिहिलं, ‘शूटिंग सुरू आहे. बेल वाजवू नये’, आणि तो दारावर चिकटवला. संध्याकाळपर्यंत काम उरकलं.

पंधरा दिवसांनी एडिटिंगला बसलो तर रूम टोन खराब. कुणी बोलत नसतानाही प्रत्येक खोलीला स्वतःचा आवाज असतो. तो मिनिटभर रेकॉर्ड करून शॉटच्या खाली पसरवतात, तो रूम टोन. माझ्या मिनिटात शेजारच्या कुकरची शिट्टी! फिल्म दुसऱ्याच दिवशी स्पर्धेला जायची होती. रेकॉर्डर घेऊन धावलो.

दारावर माझा कागद तसाच. काकाजींनी दार उघडलं.

“काकाजी, हा काहून नाई काढला? याच्यानंच कोनी आलं नसन न!”

“राहू दे,” ते म्हणाले. “कागद हाय म्हणून कोनी येत नाही, असं त म्हनता येते.”

मी हेडफोन चढवले. मिनिटभर रेकॉर्ड केलं. काकाजी हलले नाहीत. इतका स्वच्छ रूम टोन मला पुन्हा कधी मिळाला नाही, आणि त्याची मला आजही लाज वाटते.

मग कागद फाडला आणि समोरची बेल दाबली.

“झालं का शूटिंग?” शबानाभाभींनी विचारलं.

“पंधरा दिवस झाले, भाभी.”

“या अल्ला! आमाले वाटलं, चालूच हाय!” त्या आत वळल्या आणि खुर्ची घेऊन आल्या.

फिल्मला बक्षीस मिळालं नाही. माझ्या पॅकअपच्या यादीत मात्र केबल आणि बॅटरीच्याही आधी पहिली ओळ आहे : दारावरचा कागद काढणे.