धाकट्या जावेचा रोल

मी फिजिओथेरपिस्ट आहे आणि नाटकात कामं करते. दुबईत पहिल्या गोष्टीला लायसन्स लागतं आणि दुसरीला नवऱ्याची साथ. दोन्ही माझ्याकडे आहेत.

त्या वर्षी आमच्या मराठी ग्रुपच्या नाटकात मला धाकट्या जावेचा रोल मिळाला होता. नायिका मोठी जाऊ. ती बोलणार, मी ऐकणार आणि मधूनमधून एखादं वाक्य टाकणार. नायिका मी जास्त चांगली केली असती, याबद्दल मला शंका नव्हती.

त्याच सुमारास गुडघ्याचं ऑपरेशन झालेले एक अमेरिकन आजोबा माझे पेशंट झाले. लेकीकडे राहायला आले होते. व्यायामाच्या वेळी दुखण्यावरून लक्ष उडावं म्हणून मी पेशंटशी गप्पा मारते. "तुम्ही काय करायचात?" असं विचारलं.

"टेलिव्हिजनवर नायकाचा धाकटा भाऊ होतो," ते म्हणाले. "बरीच वर्षं."

ती पन्नासच्या दशकातली गोष्ट. न्यूयॉर्कच्या स्टुडिओतून तेव्हा नाटकं थेट घराघरात दिसायची. चुकलं तर चुकलं. एकदा ऐन प्रसंगात नायक वाक्य विसरला. आजोबा समोर बसून बटाटे सोलत होते. वय सतरा, त्या प्रसंगात एकही वाक्य नाही.

"मग तुम्ही आठवण करून दिलीत?"

"नाही. बटाटा खाली ठेवला आणि त्याच्याकडे बघत राहिलो. तो बोलायला कचरतोय असं लोकांना वाटलं. तेवढ्यात त्याला आठवलं."

तेव्हापासून त्यांना कामं मिळत गेली. पुढे टीव्हीचं सगळं काम कॅलिफोर्नियाला हललं, तेही गेले. काही काउबॉयपटांत सुरुवातीलाच गोळी लागून मेले. मग चेहरा थोराड झाला, धाकटे भाऊ दुसरे आले. यांनी शाळेत नाटक शिकवायला घेतलं.

"वाईट वाटलं?"

"काही महिने. शिकवायला लागलो आणि कळलं, हे मला जास्त चांगलं येतं."

मी माझ्या रोलची तक्रार केली, तर म्हणाले, "तालमीला येतो."

"नाटक मराठीत आहे. तुम्हाला काही कळणार नाही."

"म्हणून तर येतो."

अल क्वोजमधल्या एका वेअरहाऊसमध्ये आमच्या तालमी चालत. ते काठी घेऊन आले, शेवटपर्यंत बसले. परतताना गाडीत म्हणाले, "बोलतेस तेव्हा छान. ती बोलते तेव्हा मात्र तू तुझ्या वाक्याची वाट बघतेस. बसस्टॉपवर उभी असल्यासारखी."

मला राग आला. घरी येऊन तालमीचा व्हिडिओ बघितला आणि राग गेला.

दुसऱ्या दिवशी दिग्दर्शकाला म्हटलं, "शेवटच्या प्रवेशातली माझी तीन वाक्यं काढा." हे आमचे दिग्दर्शक दुबईच्या करामा भागात राहतात, दिवसा बँकेत असतात आणि कशालाही पटकन हो म्हणत नाहीत.

"लोक वाढवून मागतात," ते म्हणाले.

"मला तिचं ऐकायचंय."

"बघू. इन्शाल्ला."

त्या प्रवेशात मोठी जाऊ घर कायमचं सोडून जात असल्याचं सांगते. प्रयोगाच्या दिवशी तिने ते सांगितलं आणि मी हातातल्या टॉवेलची घडी करायची थांबले, इतकंच. सभागृहात कुणी खोकलंही नाही. विंगेत आल्यावर तिने माझा हात धरला. "आज पहिल्यांदा वाटलं, मी कुणाला तरी सांगतेय."

माझी लेक म्हणाली, "ममा, यू हार्डली सेड एनीथिंग." आजोबांनी फक्त मान हलवली आणि जेवण कुठे आहे ते विचारलं.

पुढच्या वर्षी नायिकेचा रोल माझ्याकडे आला. मी घेतला, नको म्हणण्याइतकी मी साधी नाही. दिग्दर्शकांना मात्र एक अट घातली: माझ्यासमोर नायिकेच्या मैत्रिणीचं काम कोण करणार, ते मी ठरवणार. आणि मी गेल्या वर्षीच्या मोठ्या जावेला फोन लावला.