पाठमोरा माणूस

संयुक्त महाराष्ट्राच्या आंदोलनातली काळाचौकीची ती दुपार अजून विसरता येत नाही. संचारबंदी होती. रस्त्यावर दगडविटांचा खच, चाळींची दारंखिडक्या बंद. अशा वेळी एका चाळीच्या पटांगणात तिथल्याच शिंप्याला भोसकून मारलं. पंचनामा उरकून आम्ही पोलिसांनी दारं वाजवली. प्रत्येक खोलीतून उत्तर एकच, "आम्ही काही बघितलं नाही."

काही दिवसांनी खबऱ्याने सांगितलं, दुसऱ्या मजल्यावरच्या एका गिरणी कामगाराच्या बायकोने त्या दुपारी खिडकी किलकिली केली होती. नवरा पाळीवरून परतला नव्हता, म्हणून ती वाट बघत होती.

मी साध्या कपड्यांत गेलो. बाई दाराला पाठ लावून उभी राहिली.

"साहेब, मी बोलले तर माझी पोरं या जिन्यावरून शाळेत कशी जायची?"

"बाई, ज्याने खून केला तो आजही याच जिन्यावरून फिरतोय."

तिने दाराची कडी लावली आणि हळूहळू बोलू लागली. मारेकरी दोघे होते. चाकू चालवणारा खालच्या मजल्यावरचा. खोलीच्या ताब्यावरून त्याचं शिंप्याशी भांडण होतं. त्याचा चेहरा तिने स्पष्ट पाहिला. शिंप्याला धरून ठेवणारा पाठमोरा होता.

आम्ही चाकू चालवणाऱ्याला आणि संशयावरून त्याच्या मेव्हण्याला अटक केली. चौकशीत पहिल्याने चाळीच्या पाण्याच्या टाकीमागे लपवलेला चाकू काढून दिला. मेव्हणा मात्र कबूल होईना. शिंप्याचा भाऊ बाईला विनवू लागला, "वहिनी, त्याचंही नाव घ्या. तो बाहेर राहिला तर तुम्हाला सोडेल का?"

ती म्हणाली, "त्याचं तोंड मी बघितलं नाय. नुसत्या पाठीवरून माणसाला फासावर कशी देऊ?"

सत्र न्यायालयात पहिल्याला जन्मठेप झाली, मेव्हणा सुटला. त्या संध्याकाळपासून तो तिच्या खिडकीखाली विडी ओढत उभा राहू लागला. वर बघायचा, बोलायचा काहीच नाही. बाईने पोरांची शाळा बंद केली.

पुढे हायकोर्टात अपील उभं राहिलं. आरोपीचे वकील म्हणाले, "साक्षीदार एकटी, जबाब उशिरा, तोही वरून बघितलेल्या गोष्टीचा." मी मागच्या बाकावर बसून ऐकत होतो. हाही सुटला तर दोघे त्याच चाळीत परतणार होते.

न्यायमूर्तींनी तिची उलटतपासणी पुन्हा वाचली. म्हणाले, "हिला खोटंच बोलायचं असतं, तर जो बाहेर राहिला तर हिच्या जिवाला धोका, त्याचं नाव हिने का घेतलं नाही? उशीर झाला तो भीतीमुळे." अपील फेटाळलं गेलं.

मी निकाल सांगायला गेलो. दाराआडून तिने माझं नाव पुन्हा पुन्हा विचारलं, मगच कडी काढली. सगळं ऐकून म्हणाली, "मग आता पोरांना शाळेत धाडू?"

मला होय म्हणवेना. चाळीपाशी हवालदार ठेवला, पण तो किती दिवस ठेवणार? थोड्याच दिवसांत ते कुटुंब खोली सोडून कोकणात गेलं.

त्यानंतर कुणाचाही जबाब घेताना, तो काय सांगायला नकार देतो, हे मी आधी बघू लागलो. त्या बाईचा शब्द कोर्टाने उचलून धरला. तिला निर्धास्तपणे खिडकी उघडता येईल, एवढं मात्र आमच्यापैकी कुणालाच करता आलं नाही.